तिमिंगिल : एका कल्पित माशाचं पोट (कोरड्या गावातून समुद्र – भाग ६)

मागच्या आठवड्यात मकर हा कल्पित जलचर पाहिला. आज त्याला सहज गिळेल असा प्राणी.

आपल्या धाड गावाहून कुठल्याही दिशेला निघा, समुद्र शेकडो किलोमीटर दूर. आपल्या शिवारातला थेंब पूर्णेतून गोदावरीला आणि तिथून बंगालच्या उपसागराला जातो. डोंगररांगेच्या पलीकडे, अजिंठ्याच्या लेण्यांखाली वाघुरेत पडलेला थेंब तापीतून अरबी समुद्र गाठतो. समुद्राशी आपलं नातं एवढंच, असं मला शाळेत वाटायचं. तसं नव्हतं. शेजारचं भोकरदन म्हणजे जुनं भोगवर्धन, पैठणहून उत्तरेला जाणाऱ्या वाटेवरची पेठ. सांचीच्या स्तूपाला दान देणाऱ्यांच्या नावांत भोगवर्धनची माणसं आहेत, आणि मध्य प्रदेशातल्या भारहूतच्या स्तूपाला कऱ्हाडच्या निगमाने, म्हणजे व्यापारी नगराने, दान दिलेलं आहे. तांडे इथून जात होते आणि तांड्यांबरोबर समुद्राच्या गोष्टीही.

त्यातली एक भारहूतच्या दगडी कठड्यावर कोरलेली आहे. हा स्तूप इंग्रज पुरातत्त्वज्ञ कनिंगहॅमला 1873 मध्ये सापडला. कठड्याचा मोठा भाग आता कोलकात्याच्या भारतीय संग्रहालयात आहे. एका वर्तुळात प्रचंड मासा, त्याचा जबडा उघडा, आणि आतली माणसं घेऊन एक होडी त्या जबड्यात ओढली जाते आहे. वर ब्राह्मी अक्षरं आहेत : तिमितिमिंगिलाच्या पोटातून महादेवाने वसुगुप्ताला सोडवलं. इथला महादेव म्हणजे बुद्ध.

नावाची फोड करून पाहा. तिमी हा मोठा मासा. त्याला गिळतो तो तिमिंगिल. आणि तिमितिमिंगिल त्यांच्याही वरचा. नावातच एकाने दुसऱ्याला गिळण्याची साखळी आहे.

‘दिव्यावदान’ या संस्कृत बौद्ध कथासंग्रहात धर्मरुचीची गोष्ट येते. ती सांगणाऱ्याने माशाआधी त्याचा समुद्र उभा केला आहे. पाण्याचे तीन थर. पहिल्या थरातल्या जिवांची शरीरं शंभर योजनांपासून सुरू होतात, तिसऱ्यातली एकवीसशे योजनांपर्यंत जातात. पहिल्यातले दुसऱ्यांचं खाणं, दुसऱ्यातले तिसऱ्यांचं. योजनं अर्थातच अफाट आहेत. पण कोण कुठे राहतो आणि कोण कोणाला खातो, या दोन प्रश्नांनी समुद्र समजून घ्यायची रीत मात्र खरी आहे. आजचा सागरी जीवशास्त्रज्ञही तिथूनच सुरुवात करतो.

तिमितिमिंगिल तळाच्या थरातून वर येतो आणि तोंड उघडतो. पाणी आत धावतं, पाण्याबरोबर मासे, कासवं, आणि व्यापाऱ्यांचं जहाजही. मरण समोर दिसताच व्यापारी एका आवाजात बुद्धाला नमस्कार करतात. ते ऐकून मासा खाण्याचा विचार सोडतो. पण तोंड झटकन मिटत नाही. एकदम मिटलं तर उलटलेल्या लाटेने जहाज फुटेल, म्हणून हळूहळू मिटतो. ही ओळ मी कितीदा वाचली असेल. आपण नुसते हललो तरी भोवतालच्यांचं काय होतं, हे जाणणारा प्राणी कोणीतरी दोन हजार वर्षांपूर्वीच्या आसपास कल्पिला होता.

मासा उपाशी मरतो. त्याचं धूड किनाऱ्याला लागतं. कावळे, गिधाडं, कुत्री, कोल्ही आणि त्यातच पडलेले किडे ते खातात. पांढरी हाडं उरतात.

खऱ्या समुद्रात हा भाग तळाशी घडतो. 1987 मध्ये सागरी शास्त्रज्ञ क्रेग स्मिथ आणि त्यांच्या सहकाऱ्यांना कॅलिफोर्नियाजवळ खोल अंधारात देवमाशाचा सांगाडा सापडला आणि त्यावर अख्खी वस्ती. आधी मुशीसारखे मासे मांस तोडतात, मग लहान जीव उरलंसुरलं टिपतात, शेवटी हाडांतल्या चरबीवर जिवाणू जगतात आणि जिवाणूंवर शिंपले. हे दशकानुदशकं चालतं. हाडात मुळं रोवणारी, तोंड नि पोट नसलेली अळी 2002 मध्ये सापडली. जिवंत देवमासाही खोलवर खाऊन वर येऊन विष्ठा टाकतो. तिच्यातल्या लोहावर वनस्पती-प्लवक वाढतं. योजनं सोडली तर कथाकार चुकला तो इथे : सगळ्यांत मोठा प्राणी सगळ्यांत मोठ्यांना खातो, असं त्याने धरलं. निळा देवमासा बोटाएवढ्या क्रिलवर जगतो. 2015 मध्ये कोकणातल्या रेवदंड्याला असाच एक निळा देवमासा किनाऱ्याला लागला आणि तिथेच गेला.

आपल्याकडे हे समजायला समुद्र लागत नाही. लहानपणी मेलेलं ढोर गावाबाहेर ओढून टाकलं की दुपारपर्यंत आभाळात ठिपके फिरू लागत. गिधाडं मान आत घालून खात, कुत्री अंतर राखून बसत, आणि थोड्याच दिवसांत नुसत्या फासळ्या उरत. मग जनावरांना डायक्लोफिनॅक हे वेदनाशामक देणं सुरू झालं. ते औषध अंगात असलेलं ढोर खाऊन देशभरातली गिधाडं मूत्रपिंडं निकामी होऊन मेली. 2006 मध्ये जनावरांसाठी त्यावर बंदी आली. आता त्याच जागेवर ढोर सडत पडतं आणि कुत्र्यांची झुंड वाढते. धुऱ्यावरून जाताना नाकाला रुमाल लावावा लागतो.

गोष्टीत तो मासा पुढे श्रावस्तीत माणूस म्हणून जन्मतो, नाव धर्मरुची, आणि किती खाल्लं तरी त्याची भूक भागत नाही. बुद्ध त्याला समुद्रकिनारी नेतो. धर्मरुची त्या पांढऱ्या ढिगाऱ्यावरून फिरतो, हे काय आहे ते त्याला कळत नाही. मग बुद्ध सांगतो, ही तुझीच हाडं.