मुराळी येईल का? वडील, लेक आणि तिची पुढची नाती

आजचा विषय आहे वडील. म्हणजे वडील मनाने किती जवळ असतात, यावर लेकीची पुढची नाती कशी घडतात ते.

आपल्या खानदेशात, जळगाव असो की धुळे, आखाजीला सासुरवाशिणी माहेरी येतात. झोके बांधले जातात, गाणी होतात. लेकीला आणायला माहेरचं जे माणूस जातं, तो मुराळी. हा मुराळी लक्षात ठेवा, कारण मानसशास्त्रातली एक मोठी कल्पना त्यावरून पटकन कळते.

जॉन बोल्बी या ब्रिटिश मानसोपचारतज्ज्ञाचं म्हणणं असं की, लहान मूल मनात एक अंदाज बांधत असतं: मी रडले तर कोणी येईल का? उत्तर बहुतेक वेळा 'हो' असेल तर ते बिनधास्त लांब खेळायला जातं. १९८७ मध्ये सिंडी हेझन आणि फिलिप शेव्हर यांनी हेच मोठ्यांच्या प्रेमाला लावून पाहिलं. वर्तमानपत्राच्या वाचकांपैकी साधारण ५६ टक्के लोक नात्यात निर्धास्त निघाले, २५ टक्के अंतर राखणारे, तर १९ टक्के 'हा मला सोडून जाईल' या धास्तीत जगणारे. निर्धास्त लोकांनी आई-वडिलांच्या आठवणीही जास्त मायेने सांगितल्या.

आमच्याकडे बापाची माया कामातून दिसते. माझे पप्पा फोनवर तीन गोष्टी विचारतात: पोहोचली का, जेवली का, पैसे आहेत का. ही माया खरीच. पण 'आज आवाज का उतरलाय?' हा चौथा प्रश्न येत नाही. त्यातून लेक काय शिकते? अडचण असेल तर सांगायची, दुःख असेल तर गिळायचं. मग नवऱ्यासोबतही हप्ते, भाडं, किराणा यावर मोकळं बोलणं होतं. मन दुखावलं की मात्र ती गप्प.

हे कधी कधी फार महागात पडतं. 'आता तेच तुझं घर' असं वडील सहज बोलून जातात. लेकीला ऐकू येतं, मुराळी येणार नाही. मग सासरी त्रास असला तरी ती 'सगळं ठीक आहे' म्हणत राहते.

अर्थात सगळं वडिलांवरच ठरतं असं नाही. आई, आजी, मामा, पुढे भेटलेला समजूतदार जोडीदार किंवा समुपदेशक, यांच्यामुळेही हा अंदाज बदलतो. कपाळावर लिहिलेलं नसतं ते.

वडिलांनी काय करावं? ती बोलत असेल तर आधी ऐका, उपाय नंतर सांगा. रागावून बोललात तर त्याच संध्याकाळी जवळ बसून बोला. आणि लग्नानंतर स्पष्ट सांगा, 'कधीही ये, कारण विचारणार नाही.'

कोणाचे पप्पा ऐकत असतील तर आखाजीची वाट बघू नका. आजच फोन लावा आणि तो चौथा प्रश्न विचारा. चला, भेटू पुढच्या भागात!