गेमवरचा ओव्हरले आणि गेमची चोरीची प्रत

संगणकावर गेम चालू असताना शिफ्ट आणि टॅब या कळा एकत्र दाबल्या की खेळाचे दृश्य अंधूक होते आणि त्याच्यावर मित्रांची यादी, गप्पांची चौकट, घड्याळ, वेब ब्राउझर अशी दुसरीच एक कामाची जागा उघडते. त्याच कळा पुन्हा दाबल्या की ती नाहीशी होऊन खाली चाललेला खेळ पूर्ववत दिसू लागतो. या वरच्या थराला ओव्हरले म्हणतात. व्हॉल्व्ह या अमेरिकी कंपनीने २००३ मध्ये सुरू केलेल्या स्टीम या गेमविक्रीच्या सेवेत तो २००७ पासून आहे. त्याआधी गेम न सोडता गप्पा मारण्याची सोय एक्सफायर या सॉफ्टवेअरने दिली होती, आणि त्याहीपूर्वी, १९९९ मध्ये आलेले फ्रॅप्स पडद्याच्या कोपऱ्यात पिवळ्या आकड्यांनी चित्रांचा वेग दाखवत असे. विकत न घेतलेल्या, संरक्षण मोडून वाटल्या जाणाऱ्या प्रतीवर, म्हणजे खेळणाऱ्यांच्या बोलीतल्या ‘क्रॅक’ गेमवर, हा ओव्हरले कितपत चालतो हे पाहताना ध्यानात येते की ओव्हरलेचा चित्र काढणारा भाग खेळणाऱ्याच्याच संगणकावर राबतो, तर ओळख पटवणारा आणि नोंद ठेवणारा भाग कंपनीच्या सर्व्हरवर असतो. चोरीच्या प्रतीत पहिला भाग बहुधा शाबूत राहतो आणि दुसरा तुटतो. खेळणाऱ्यांना येणाऱ्या बहुतेक अडचणी या एका भेदातून समजतात.

चित्र काढण्याची रीत आधी पाहावी लागते. गेम प्रत्येक दृश्य आधी पडद्याआड, ग्राफिक्स कार्डाच्या स्मृतीतील एका राखीव जागेत रेखाटतो. या जागेला बॅक बफर म्हणतात. चित्र पुरे झाले की गेम विंडोजच्या डायरेक्टएक्स या व्यवस्थेतील ‘प्रेझेंट’ नावाच्या फंक्शनला हाक देतो आणि ते चित्र पडद्यावर येते. सेकंदाला ६० चित्रे दाखवायची असतील तर हा सगळा फेरा साधारण १६.७ मिलिसेकंदांत उरकावा लागतो, आणि १४४ चित्रांसाठी जेमतेम ७ मिलिसेकंद मिळतात. ओव्हरले नेमका या हाकेच्या आड येतो: ‘प्रेझेंट’च्या सुरुवातीच्या काही बाइट पुसून तिथे तो स्वतःच्या कोडकडे नेणारी उडी लिहितो, त्यामुळे गेमची हाक आधी ओव्हरलेकडे जाते, ओव्हरले तयार चित्रावर आपल्या चौकटी रेखाटतो आणि मग मूळ फंक्शनला पुढे जाऊ देतो. या तंत्राला हुकिंग म्हणतात, आणि मायक्रोसॉफ्टच्या संशोधकांनी १९९९ मध्ये मांडलेल्या डिटूर्स या संग्रहामुळे त्याची पद्धतशीर रीत सर्वांपुढे आली. चित्र काढण्याची ओपनजीएल ही दुसरी व्यवस्था वापरणाऱ्या गेममध्ये अडवायचे फंक्शन वेगळे असते. २०१६ मध्ये आलेल्या व्हल्कन या व्यवस्थेत मात्र बाहेरच्या सॉफ्टवेअरला मधे थर घालण्याची अधिकृत सोयच ठेवलेली आहे, आणि स्टीम तिचा वापर करते.

या सगळ्या व्यवहारात गेम कुणी विकत घेतला की नाही हा प्रश्न एकदाही उद्भवत नाही. ‘प्रेझेंट’ हे फंक्शन विंडोजचे असते, गेमचे नव्हे; विकत घेतलेली प्रत आणि चोरीची प्रत दोन्ही त्यालाच हाक देतात, म्हणून चौकटी दोन्हींवर सारख्याच उमटतात.

अर्थात चित्र काढण्यासाठी ओव्हरलेला आधी गेमच्या प्रोसेसमध्ये, म्हणजे चालू प्रोग्रामला मिळालेल्या स्मृतीच्या हद्दीत, शिरावे लागते. स्टीममधून गेम सुरू केला की स्टीम आपली एक डीएलएल, म्हणजे दुसऱ्या प्रोग्रामला जोडता येणारी कोडची फाइल, त्या प्रोसेसमध्ये भरते. मायक्रोसॉफ्टचे प्रोसेस एक्सप्लोरर हे मोफत साधन उघडून गेमच्या प्रोसेसमधील डीएलएलांची यादी पाहिली तर गेमच्या स्वतःच्या फायलींच्या सोबतीला ‘गेम ओव्हरले रेंडरर’ या नावाची फाइल बसलेली दिसते. ३२ बिटांच्या गेमसाठी एक आणि ६४ बिटांच्या गेमसाठी दुसरी, कारण एका जातीची डीएलएल दुसऱ्या जातीच्या प्रोसेसमध्ये भरता येत नाही. मित्रांची यादी आणि बाकीच्या चौकटी सांभाळणारा स्टीमचा प्रोग्राम मात्र स्वतंत्र प्रोसेस म्हणून बाहेर चालतो. ओव्हरले दिसत नसेल तर आधी ही यादी पाहावी: फाइल यादीतच नसेल तर अडचण शिरकावाची आहे, आणि असूनही पडद्यावर काही येत नसेल तर अडचण रेखाटनाची आहे. हा फरक न करता गेम पुन्हा पुन्हा उतरवून घेणाऱ्यांचा फार वेळ वाया जातो.

शिरकाव फसण्याची दोन कारणे विशेष आढळतात. पहिले असे की स्टीमने सुरू केलेला प्रोग्राम प्रत्यक्ष गेम नसून केवळ लाँचर, म्हणजे गेम सुरू करून देणारी खिडकी, असतो. त्याने स्वतः गेम सुरू केला तर स्टीम त्या अपत्य प्रोसेसचा माग काढते. पण लाँचरने ते काम आधीपासून चालू असलेल्या तिसऱ्याच प्रोग्रामवर सोपवले तर साखळी तुटते. दुसरे कारण अधिकारांचे आहे: गेम ॲडमिनिस्ट्रेटरच्या अधिकाराने चालत असेल आणि स्टीम साध्या अधिकाराने, तर खालच्या पायरीवरच्या प्रोग्रामला वरच्या पायरीवरच्या प्रोसेसमध्ये हात घालू द्यायचा नाही हा विंडोज व्हिस्टापासूनचा नियम आड येतो. चोरीच्या प्रती हे वरचे अधिकार अनेकदा विनाकारण मागतात, आणि त्या मागणीकडे केवळ ओव्हरलेची अडचण म्हणून पाहणे धोक्याचे आहे.

बाहेरचा गेम स्टीमच्या यादीत जोडण्याची सोय स्टीमने स्वतःच दिलेली आहे. जुन्या सीडीवरून बसवलेला गेम, स्वतः लिहिलेला छोटा गेम, किंवा २००८ मध्ये सुरू झालेल्या जीओजी या दुकानातून घेतलेला, कोणतेही कुलूप नसलेला गेम यांच्यावरही गप्पा आणि ब्राउझर वापरता यावेत म्हणून ती आहे. जोडताना स्टीम मालकीचा पुरावा मागत नाही. ती त्या नोंदीसाठी एक क्रमांक आपल्याच हिशेबाने तयार करते आणि मित्रांना ‘स्टीमबाहेरचा गेम’ अशा शब्दांत नाव दाखवते. हीच वाट चोरीच्या प्रतीलाही मोकळी असते. गप्पा, ब्राउझर, एफ १२ कळीने टिपलेले पडद्याचे चित्र आणि कंट्रोलरच्या कळांची फेरजुळणी ही कामे तिथेही बहुधा होतात.

जे होत नाही त्याचे मूळ स्टीमवर्क्समध्ये आहे. व्हॉल्व्हने २००८ मध्ये गेम बनवणाऱ्यांसाठी जाहीर केलेला हा साधनसंच ‘स्टीम एपीआय’ नावाच्या डीएलएलच्या रूपाने गेमसोबत येतो, आणि तिच्यामार्फत गेम स्टीमशी बोलतो: हा खेळणारा कोण, त्याच्या खात्यावर हा गेम आहे का, त्याने कोणती अचीव्हमेंट, म्हणजे खेळातील कामगिरीची खूण, मिळवली, त्याचा जतन केलेला खेळ कुठे ठेवायचा. प्रत्येक गेमला स्टीमवर एक ॲप क्रमांक असतो आणि या प्रश्नांची उत्तरे त्या क्रमांकाखालीच सर्व्हरवर नोंदली जातात. क्रॅक केलेल्या प्रतीत ही डीएलएल बहुधा काढून तिच्या जागी त्याच नावाची दुसरी ठेवलेली असते, जी सर्व्हरला न विचारता मनाची उत्तरे देते. गेमला ती खरी वाटतात, पण सर्व्हरवर काहीच पोचत नाही. म्हणून अचीव्हमेंट मिळाल्याचा आभास झाला तरी खात्यावर ती दिसत नाही, जतन केलेला खेळ दुसऱ्या संगणकावर आपोआप येत नाही, आणि मित्राच्या ओव्हरलेमधून ‘खेळात सामील व्हा’ असे आमंत्रण दिले तर ते नेमक्या गेमपर्यंत पोचवायला खरा ॲप क्रमांक नसतो. काही प्रती ४८० हा क्रमांक उसना घेतात. तो स्पेसवॉर नावाच्या नमुन्याच्या गेमचा आहे आणि विकसकांना स्टीमवर्क्स तपासता यावे म्हणून ठेवलेला आहे. त्यामुळे खेळणारा भलतेच काही खेळत असला तरी मित्रांच्या यादीत त्याच्या नावापुढे स्पेसवॉर दिसते.

एक बारीक गोष्ट इथे नोंदवण्याजोगी आहे. ओव्हरले उघडला की स्टीम गेमला तसा संदेश पाठवते आणि एकट्याने खेळायचा नीट बनवलेला गेम तो मिळताच थांबतो. बदललेल्या डीएलएलपर्यंत हा संदेश जात नाही. मग खेळणारा गप्पांची चौकट उघडून लिहीत बसतो आणि मागे त्याचे पात्र मारले जाते. पुष्कळांना हा ओव्हरलेचा दोष वाटतो, पण तो तुटलेल्या संवादाचा परिणाम आहे. बदललेली डीएलएल स्वतःही एखादा ओव्हरले काढत असेल तर गुंता वाढतो, कारण एकाच ‘प्रेझेंट’वर दोन उड्या लिहिल्या जातात, आणि आधीची उडी न ओळखता दुसऱ्याने पहिल्याचे बाइट परत लिहिले की गेम कोसळतो. आलेख दाखवणारे रिव्हाट्यूनर किंवा डिस्कॉर्डचा गप्पांचा ओव्हरले यांच्यासोबत विकत घेतलेल्या गेममध्येही असा खटका उडू शकतो. फरक इतकाच की तिथे दुरुस्ती करणारा कुणी जबाबदार असतो.

गेममध्ये होणारी स्टीमची छोटी खरेदीही ओव्हरलेच्याच चौकटीत मंजूर होते, म्हणजे कंपनीच्या दृष्टीने तो व्यापाराचाही भाग आहे. चाचेगिरी हा मुख्यतः किमतीचा नव्हे तर सेवेचा प्रश्न आहे, असे मत व्हॉल्व्हचे प्रमुख गेब न्यूएल यांनी २०११ मध्ये मांडले होते, आणि ओव्हरले त्या मताला बळ देतो: कुलपाची डीएलएल बदलता येते, सर्व्हरवरची नोंद आणि मित्रांचा संबंध बदलता येत नाही. तरी किमतीची बाजू सोडून देणे भारताच्या संदर्भात योग्य होणार नाही. मुंबईच्या लॅमिंग्टन रोडसारख्या बाजारांत नकली सीडी मिळत तेव्हा मूळ गेमची किंमत बहुतेक घरांच्या आवाक्याबाहेर होती. स्टीमवर रुपयांत किमती आल्या त्या नोव्हेंबर २०१५ मध्ये. कायदा मात्र आधीपासून स्पष्ट आहे. कॉपीराइट कायदा १९५७ च्या कलम ६३-ब नुसार संगणक प्रोग्रामची बेकायदा प्रत जाणूनबुजून वापरणे हाही गुन्हा आहे, आणि २०१२ च्या दुरुस्तीने आलेले कलम ६५-अ हक्कभंगाच्या हेतूने तांत्रिक संरक्षण मोडण्याला दोन वर्षांपर्यंतची शिक्षा सांगते.

सर्वांत गंभीर बाब सुरक्षेची आहे. परक्या प्रोसेसमध्ये शिरून तिथले फंक्शन अडवणे हे ओव्हरलेचे तंत्र आणि भिंतीआडचा प्रतिस्पर्धी दाखवणाऱ्या चीटचे, म्हणजे लबाडीच्या सॉफ्टवेअरचे, तंत्र एकच आहे. म्हणूनच व्हॉल्व्हने २०२० मध्ये काउंटर-स्ट्राइक या आपल्या गेमच्या तत्कालीन आवृत्तीत ‘ट्रस्टेड मोड’ आणून बाहेरच्या डीएलएलांना मज्जाव केला, तेव्हा खेळाचे चित्रण करणारी निरुपद्रवी साधनेही अडली. चोरीच्या प्रतीत तर अनोळखी हाताने लिहिलेले कोड गेमच्या आतच बसलेले असते, आणि ते खेळणाऱ्याच्याच अधिकाराने चालत असल्यामुळे त्याच्या फायली, त्यांत स्टीमच्या चालू लॉगिनची माहितीही आली, वाचू शकते. अवास्ट या चेक सुरक्षा कंपनीने २०२१ मध्ये उघड केलेले क्रॅकोनोश हे मालवेअर ग्रँड थेफ्ट ऑटो ५ आणि द सिम्स ४ सारख्या गेमच्या क्रॅक प्रतींतून पसरले होते. संगणक सेफ मोडमध्ये, म्हणजे विंडोजच्या मर्यादित अवस्थेत, सुरू करवून ते अँटिव्हायरस काढून टाकत असे आणि मग मोनेरो हे आभासी चलन खणत बसे. २,२२,००० हून अधिक संगणकांना त्याची बाधा झाली होती. गेम अडखळतो म्हणून ओव्हरले बंद करून पाहणाऱ्याला संगणकाची शक्ती दुसरेच काही खात आहे याची अशा वेळी कल्पनाही नसते.

प्रोसेस एक्सप्लोररमध्ये प्रत्येक डीएलएलची डिजिटल सही तपासण्याची सोय आहे. ती चालू केल्यावर ओव्हरलेच्या फाइलपुढे व्हॉल्व्हचे नाव येते, मूळ स्टीम एपीआयपुढेही तेच नाव येते, आणि बदललेल्या डीएलएलपुढे सहीची पडताळणी होऊ शकली नाही असा शेरा उमटतो. ती फाइल कुणी लिहिली आणि ती उत्तरे देण्याखेरीज आणखी काय करते, हे त्या यादीतून कळण्याचा मार्ग नाही.