हैदराबादच्या रस्त्यांवरील यू-टर्न

सोलापूरहून हैदराबादेस जाणारा महामार्ग पाटणचेरू, मियापूर, कुकटपल्ली असा शहरात शिरतो. महाराष्ट्रातून प्रथमच तेथे मोटार घेऊन जाणाऱ्यास एक अडचण हटकून जाणवते. जावयाचे ठिकाण उजव्या हातास, डोळ्यांसमोर दिसत असते. पण तिकडे वळावयास वाट नसते. मियापूर ते अमीरपेठ या मार्गावर २०१७ च्या नोव्हेंबरात मेट्रो सुरू झाली. तिचे खांब रस्त्याच्या मधोमध उभे आहेत व त्यांच्या दोहों बाजूंस दुभाजक आहे. चालकाने पुढे जावे, ठरवून दिलेल्या जागी वाहन परत फिरवावे आणि उलट दिशेने येऊन इष्ट स्थळ गाठावे, अशी येथील व्यवस्था आहे.

या व्यवस्थेमागे निश्चित विचार आहे. चार रस्ते मिळणाऱ्या सामान्य चौकात वाहनांचे मार्ग परस्परांस छेदण्याच्या, मिळण्याच्या वा विलग होण्याच्या एकंदर ३२ जागा संभवतात, असे वाहतूकशास्त्र सांगते. प्रत्येक जागी टक्कर होऊ शकते. सर्वांत घातक मार्ग उजवीकडे वळणाऱ्याचा, कारण त्यास समोरून येणारा संपूर्ण प्रवाह छेदावा लागतो. हे वळण चौकातून काढून थोड्या अंतरावरील यू-टर्नवर नेले, तर अशा जागा निम्म्यावर येतात. अमेरिकेतील मिशिगन राज्याने १९६० च्या दशकापासून ही पद्धत मोठ्या प्रमाणावर अवलंबिली. तेथे वाहने उजव्या बाजूने चालत असल्याने आपले उजवे वळण तेथे डावे होते, एवढाच काय तो फरक.

मात्र धोका चौकातून हलविला, म्हणजे तो नाहीसा झाला असे नव्हे. यू-टर्न घेणारे वाहन काही क्षण रस्त्यावर आडवे असते. त्याला वळण पुरे करावयास सहा सेकंद लागतात असे धरले, तर ताशी ६० किलोमीटर वेगाने येणारे दुसरे वाहन तेवढ्या अवधीत १०० मीटर अंतर तोडते. म्हणूनच समोरून सरळ येणाऱ्यास वाट देणे हे वळणाऱ्याचे कर्तव्य मानलेले आहे.

भारतात १९८८ चा मोटार वाहन कायदा आणि त्याखालील २०१७ चे चालनविषयक विनियम यांनी या बाबतीत मर्यादा घालून दिल्या आहेत. लाल वर्तुळात उलट्या ‘यू’च्या आकाराचा बाण व त्यावर तिरकी लाल रेघ अशी पाटी असेल, तेथे परत फिरण्यास मनाई असते. रस्त्याच्या मध्यावरील अखंड रेघ ओलांडून वाहन फिरविणेही निषिद्ध आहे. जेथे मनाई नाही तेथेही आधी इशारा द्यावा, आरशात पाहून मागील वाहनांचा अंदाज घ्यावा आणि रस्ता निर्धोक असल्याची खात्री पटल्यावरच वळावे. वळण्याचा इरादा असलेल्याने बरेच आधी उजव्या कडेस यावे. डावीकडून एकाएकी आडवे घुसणे म्हणजे मागून येणाऱ्यास संकटात लोटणे होय.

खरी कसोटी पुढेच आहे. समोरच्या दुकानास जाण्यासाठी एक किलोमीटर पुढे व तितकेच मागे यावे लागले, की अनेकांचा धीर सुटतो आणि विशेषतः दुचाकीस्वार कडेकडेने उलट्या दिशेने निघतात. २०१९ च्या दुरुस्तीनंतर केंद्रीय कायद्याच्या १८४ व्या कलमात, वाहतुकीच्या विहित दिशेविरुद्ध लोकांस धोका होईल अशा रीतीने वाहन हाकणे हे धोकादायक चालनात स्पष्टपणे गणले आहे. पहिल्या अपराधासही एक वर्षापर्यंत कैद, पाच हजार रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही अशी शिक्षा त्यात सांगितली आहे. शिक्षेचे भय असो वा नसो, ताशी ४० किलोमीटर वेगाची दोन वाहने समोरासमोर येतात तेव्हा त्यांतील अंतर ताशी ८० च्या गतीने मिटते, हा हिशेब कोणासही चुकविता येत नाही.

तथापि सारा दोष चालकाच्या माथी मारून भागणार नाही. यू-टर्नच्या जागा फार दूर असल्या, की नियमभंगाचा मोह वाढतो; फार जवळ असल्या, की वळणाऱ्या वाहनांची रांग मूळ प्रवाहास अडविते. चौक बंद होतो तेव्हा पायी चालणाऱ्याचीही वाट तुटते. मोटारीस एक किलोमीटरचा वळसा म्हणजे दोन-तीन मिनिटे; वृद्धास किंवा ओझे घेतलेल्या बाईस तो जवळजवळ अशक्य. म्हणून चौक बंद करणाऱ्याने पादचाऱ्याची सोय आधी पाहावी. आणि चालकाने, वळावयास जागा मिळाली तरी ती आपल्या एकट्याची नाही, हे ध्यानी ठेवावे. रस्ता वाचविलेल्या मिनिटांनी मोजावयाचा नसतो, सुखरूप घरी पोचलेल्या माणसांनी मोजावयाचा असतो.