सहकारी संस्थांच्या निवडणुका आणि पोलीस संरक्षण

छत्तीसगढला 'धान का कटोरा' म्हणून ओळखले जाते. येथील शेतकऱ्याचे धान आधारभूत किमतीने खरेदी केले जाते ते मुख्यतः प्राथमिक सहकारी समित्यांमार्फत. खत, बियाणे आणि पीककर्जही याच समित्यांतून मिळते. या समित्यांच्या वर जिल्हा सहकारी केंद्रीय बँक आणि त्यावर रायपूर येथील राज्य सहकारी बँक अशी त्रिस्तरीय रचना आहे. त्यामुळे समितीच्या संचालक मंडळाची निवडणूक ही केवळ पदांची स्पर्धा न राहता गावाच्या अर्थव्यवहारावरील नियंत्रणाचा प्रश्न ठरते. या निवडणुकीत सभासदाला निर्भयपणे मतदान करता यावे, यासाठी पोलीस संरक्षणाचे महत्त्व आहे.

घटनात्मक चौकट

'सहकारी संस्था' हा विषय सातव्या अनुसूचीतील राज्यसूचीत क्रमांक 32 वर आहे. 'सार्वजनिक सुव्यवस्था' आणि 'पोलीस' हे विषय त्याच सूचीत अनुक्रमे 1 व 2 क्रमांकांवर आहेत. 15 फेब्रुवारी 2012 रोजी अमलात आलेल्या 97 व्या घटनादुरुस्तीने सहकारी संस्था स्थापन करण्याचा हक्क कलम 19(1)(ग) मध्ये समाविष्ट केला, तसेच कलम 43ख आणि भाग नऊ-ख यांची भर घातली. निम्म्या राज्यांच्या विधिमंडळांची संमती घेतली नसल्याने सर्वोच्च न्यायालयाने 20 जुलै 2021 रोजी भाग नऊ-ख राज्यांतर्गत संस्थांपुरता रद्द ठरविला. बहुराज्यीय संस्थांना तो लागू राहिला. तथापि, राज्यांनी स्वतःच्या कायद्यांनी उभारलेल्या निवडणूक यंत्रणा कायम आहेत. रायपूर येथे राज्य सहकारी निर्वाचन आयोग, तर महाराष्ट्रात पुणे येथे राज्य सहकारी निवडणूक प्राधिकरण आहे.

महत्त्वाचा फरक

लोकसभा व विधानसभा निवडणुकीत अधिसूचनेपासून निकालापर्यंत निवडणुकीसाठी नेमलेले पोलीस निवडणूक आयोगाकडे प्रतिनियुक्तीवर असल्याचे मानले जाते. लोकप्रतिनिधित्व अधिनियम, 1951 च्या कलम 28-क मध्ये तशी तरतूद आहे. पंचायत निवडणुकीसाठी राज्य निवडणूक आयोगाला कर्मचारी उपलब्ध करून देण्याचे कर्तव्य कलम 243-ट राज्यपालांवर सोपविते. सहकारी निवडणुकांबाबतच्या घटनात्मक तरतुदीत मात्र असा उल्लेख नाही. म्हणून येथे निवडणूक निर्णय अधिकाऱ्याला पोलीस बंदोबस्तासाठी जिल्हा प्रशासन व पोलीस अधीक्षक, अथवा आयुक्तालय असेल तेथे पोलीस आयुक्त, यांच्याकडे मागणी करावी लागते.

ही मागणी वेळेत होणे निर्णायक असते. प्राथमिक समितीत मतदार थोडे आणि परस्परांच्या परिचयाचे असतात. वरच्या स्तरावर तर संलग्न संस्थांचे प्रतिनिधीच मत देतात. अशा वेळी मोजक्या मतदारांना धाक दाखविल्यास वा दूर नेऊन ठेवल्यास निकाल बदलू शकतो. तणाव केवळ मतदानाच्या दिवशीच निर्माण होतो असे नाही. उमेदवारी अर्ज भरणे, ते मागे घेणे आणि मतमोजणी हे टप्पेही तितकेच नाजूक असतात.

अधिकार आणि मर्यादा

शांतताभंगाची शक्यता असल्यास भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 163 खाली दंडाधिकारी प्रतिबंधात्मक आदेश काढू शकतात, तर कलम 126 खाली संबंधितांकडून शांतता राखण्याचे बंधपत्र घेता येते. 1 जुलै 2024 पूर्वी हेच अधिकार फौजदारी प्रक्रिया संहितेच्या अनुक्रमे 144 व 107 या कलमांत होते. मतदार कोण, अर्ज वैध की अवैध, हे ठरविण्याचा अधिकार मात्र पोलिसांना नाही. तो निवडणूक यंत्रणेचा आहे. बंदोबस्त एखाद्या गटाच्या सोयीचा झाला, तर संरक्षणाचेच दडपणात रूपांतर होते.

नंतरचा उपाय पुरेसा नाही

निवडणुकीविषयीचा वाद छत्तीसगढमध्ये सहकारी सोसायटी अधिनियमाच्या कलम 64 खाली निबंधकाकडे, तर महाराष्ट्रात कलम 91 खाली सहकार न्यायालयात जातो. परंतु असा वाद निकाली निघेपर्यंत खरेदीचा हंगाम व कर्जवाटप पार पडलेले असू शकते. अर्ज भरण्यापासून रोखलेल्या सभासदाची ती संधी त्या हंगामापुरती तरी परत येत नाही.

'एक सभासद, एक मत' हे सहकाराचे मूलतत्त्व आहे. दहा एकरांचा धनी आणि एका एकराचा शेतकरी मतपेटीपुढे समान असतात. ही समानता कायद्याच्या पुस्तकातून मतदान केंद्रापर्यंत पोहोचावी, यासाठी संवेदनशील संस्थांची आगाऊ निश्चिती, निवडणूक यंत्रणा व पोलीस यांच्यातील समन्वय आणि बंदोबस्ताची निःपक्षपाती अंमलबजावणी या तीन बाबी आवश्यक ठरतात.