स्वतंत्र चित्रपटनिर्मात्याचे कार्य : फाळके यांच्या उद्योगाच्या आधारे

चित्रपटनिर्माता म्हणजे चित्रपटास पैसा पुरविणारा, अशी सर्वसाधारण समजूत आहे. स्वतंत्र निर्मात्याच्या बाबतीत ती अपुरी ठरते. त्याच्यापाशी स्वतःचे भांडवल क्वचितच असते. जी वस्तू अद्याप अस्तित्वात नाही, तिच्याविषयी इतरांच्या ठायी विश्वास उत्पन्न करणे व त्या विश्वासाचे द्रव्यात रूपांतर करणे, हेच त्याचे मुख्य कार्य होय. धुंडिराज गोविंद तथा दादासाहेब फाळके यांच्या आरंभीच्या उद्योगावरून ते विशेष स्पष्ट होते.

१९१२ साली विम्याच्या पॉलिसीवर कर्ज काढून फाळके लंडनला गेले व कॅमेरा आणि इतर यंत्रसामग्री खरेदी करून परतले. कथापटास लागणारे भांडवल मात्र त्यानंतरही उभे राहिले नव्हते. तेव्हा त्यांनी कुंडीत वाटाणा पेरून त्याच्या वाढीची चित्रे ठराविक अंतराने घेतली आणि अंकुराचे रोप होण्याची दीर्घ क्रिया पडद्यावर क्षणमात्रात दाखविली. यंत्र चालते व ते चालविणारा जाणता आहे, या दोन्ही गोष्टींचा तो पुरावा होता. तो पाहून छायाचित्रण-साहित्याचे व्यापारी यशवंतराव नाडकर्णी साहाय्यास पुढे आले. तरीही विश्वासाच्या जोडीला तारण लागलेच. पत्नी सरस्वतीबाईंचे दागिने त्यासाठी खर्ची पडले.

मिळालेला पैसा पुरविणे हे कार्याचे दुसरे अंग. दादर येथील राहते घरच कार्यशाळा बनले. कोऱ्या फिल्मला छिद्रे पाडण्यापासून सर्व मंडळींच्या स्वयंपाकापर्यंतची कामे सरस्वतीबाईंनी अंगावर घेतली. बाजारभावाने या श्रमांचे मूल्य मोजले असते, तर ‘राजा हरिश्चंद्र’ कदाचित पुरा झालाच नसता. स्वतंत्र निर्मितीचे भांडवल मोजताना कुटुंबाचा हा बिनमोल वाटा वगळणे म्हणूनच अशास्त्रीय ठरेल.

तिसरे अंग वसुलीचे. ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये हा चित्रपट प्रदर्शित झाला व यशस्वी ठरला. परंतु एका चित्रपटाची मिळकत पुढच्या चित्रपटात गुंतते, शिल्लक अशी उरत नाही. त्यामुळे १९१४ साली महायुद्ध सुरू होताच ऋणको मिळेनात असे नव्हे, तर धनकोच हात आखडू लागले. १९१७ च्या ‘लंकादहन’ने पुन्हा पत प्राप्त करून दिली आणि १९१८ साली भागीदारांसह हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी स्थापन झाली.

येथे पैशाची विवंचना कमी झाली, पण निर्णयाचा अधिकार विभागला गेला. भागीदारांशी मतभेद विकोपास जाऊन फाळके कंपनीतून बाहेर पडले व काशीस गेले. कालांतराने ते परतले, तरी पूर्वीचे स्वामित्व परत आले नाही. सावकाराचे कर्ज फेडले की त्याचा हक्क संपतो. भागीदाराचा हक्क मात्र पुढील प्रत्येक चित्रपटावर चालू राहतो. निर्मात्याचे स्वातंत्र्य त्याच्यापाशी पैसा किती, यापेक्षा तो कोणत्या शर्तीवर आला, यावर अवलंबून असते.