यादी कोणाची, हे आधी विचारा!

भंडाऱ्यापासून वेगळा होऊन १ मे १९९९ रोजी गोंदिया जिल्हा झाला, तेव्हा टीव्ही म्हटला की छपरावरची अँटेना, नाहीतर केबलवाल्याची वायर. डिसेंबर २००४ मध्ये दूरदर्शनची विनाशुल्क डिश सेवा आली आणि केबल न पोचलेल्या गावातही छत्री लावून चित्र पाहण्याची सोय झाली. आता वाहिन्या इंटरनेटवरून येतात आणि ‘आयपीटीव्ही प्लेअर’ हा नवा शब्द घरात शिरला आहे.

हा प्लेअर आहे तरी काय? गंमत अशी, की तो निव्वळ रिकामा डबा असतो. त्यात एकही वाहिनी नसते. वाहिन्या दिसतात त्या ‘प्लेलिस्ट’मुळे. एम३यू नावाची ही साधी मजकुराची फाइल. वाहिनीचे नाव आणि त्याखाली तिचा इंटरनेटवरचा पत्ता, एवढेच तिच्यात लिहिलेले. गोंदिया जंक्शनवरच्या वेळापत्रकात गाड्यांची नावे असतात, गाड्या नसतात, तसेच हे. नव्वदीच्या दशकात संगणकावरच्या गाण्यांसाठी निघालेली ही पद्धत पुढे टीव्हीच्या कामी आली.

म्हणजे प्लेअर वापरण्यात गैर काही नाही. प्रश्न आहे तो यादीचा. वर्षाला काही शे रुपयांत हजारो वाहिन्या, सगळे सामने, सगळे सिनेमे, असे कोणी सांगू लागले, तर मालकांना पैसे न देता हे कसे परवडते, हे विचारायला नको का? स्वामित्व हक्काचा जाणूनबुजून भंग केल्यास १९५७ च्या कायद्यात सहा महिने ते तीन वर्षे कैद आणि ५० हजार ते दोन लाख रुपये दंड सांगितला आहे. शिवाय अशी यादी एका रात्रीत बंद पडते. पावती नाही, दुकान नाही. तक्रार करायची कोणाकडे? त्यातून अनोळखी ॲप मोबाइलवर उतरवले आणि मेसेज वाचण्याची परवानगी देऊन बसलो, तर बँकेचा ओटीपीही परक्याच्या हाती.

हिशेब डेटाचाही आहे. सेकंदाला दोन मेगाबिटचे साधे चित्र तासाला सुमारे ९०० एमबी खाते. रोज दीड जीबी मिळणाऱ्या मोबाइलवर दोन मालिका आणि बातम्या बघितल्या, की मुलांच्या अभ्यासाला उरते काय?

मग करावे काय? घरात ब्रॉडबँड असेल तर वाहिन्यांची स्वतःची ॲप्स आहेत. प्रसार भारतीने २० नोव्हेंबर २०२४ रोजी ‘वेव्हज’ सुरू केले. त्यावर दूरदर्शनच्या वाहिन्या दिसतात. वाहिनीने स्वतःच खुला ठेवलेला पत्ता प्लेअरमध्ये घालायलाही हरकत नाही. देवरी-सालेकशाकडच्या जंगलपट्टीत जिथे नेट अडखळते, तिथे छपरावरची विनाशुल्क छत्री अजूनही भरवशाची. महिन्याचे भाडे नाही, डेटाची चिंता नाही.

उद्या कोणी स्वस्तातली यादी घेऊन दारात आला, तर वाहिन्या किती, हे नंतर विचारा. यादी कोणाची आणि पावती मिळेल का, हे आधी विचारा. उत्तर देताना तो चाचरला, की समजून घ्या.