अडीच लाख न घडलेल्या टकरी

कल्पनेतली यंत्रं : भाग सातवा

कालयंत्राचा पसारा गेल्या आठवड्यात आवरला. या वेळचं यंत्र त्याचंच चुलत भावंड आहे, पण प्रवासी नेत नाही, माहिती नेतं. तुम्ही कागद त्याच्या हवाली करायचे. ते इतिहासाने वेगळं वळण घेतलेल्या दुसऱ्या काळरेषेत ठेवून येणार आणि मागाल तेव्हा काढून देणार. इकडचं ग्रंथालय जळालं तरी तिकडचं शाबूत. विज्ञानकथा लिहिणाऱ्यांना ही सोय फार आवडते.

मराठी वाचकाला तिचं फारसं नवल वाटू नये. जयंत नारळीकरांच्या ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ या कथेत असंच घडतं. प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे अपघाताने अशा मुंबईत जाऊन पोचतात, जिथे १४ जानेवारी १७६१ ची लढाई मराठ्यांनी जिंकलेली आहे. परत येतात तेव्हा त्यांच्या खिशात तिकडच्या बखरीचं एक फाटकं पान असतं. त्यात विश्वासरावांना गोळी लागत नाही, ओझरती निघून जाते. सगळं यंत्र म्हणजे एवढंच: एक खिसा, एक पान. पण ते पान एकटं निरुपयोगी आहे. शेजारी आपल्याकडच्या बखरीचं तेच पान उघडावं लागतं, मग फरक दिसतो. माहिती असते ती त्या फरकात. ही खूण लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

भौतिकशास्त्र मात्र खिशाला परवानगी देत नाही. ह्यू एव्हरेटने १९५७ साली मांडलेल्या पुंजयामिकीच्या अर्थानुसार जगाच्या शाखा फुटत जातात, पण एकदा पुरत्या वेगळ्या झाल्या की त्यांच्यात निरोपांची देवाणघेवाण होत नाही. नारळीकरांना हे माझ्यापेक्षा कितीतरी चांगलं ठाऊक होतं. तरीही त्यांनी पान येऊ दिलं, कारण त्याशिवाय गंगाधरपंतांवर विश्वास कोण ठेवणार?

आता हिंगोली जिल्ह्यात येऊ. नारळीकर ज्या ‘आयुका’चे संस्थापक-संचालक होते, ती १९८८ साली स्थापन झालेली पुण्याची संस्था ‘लायगो-इंडिया’ प्रकल्पातल्या भागीदारांपैकी एक आहे. औंढा नागनाथजवळ होणाऱ्या या वेधशाळेला केंद्र सरकारने २०१६ मध्ये तत्त्वतः आणि एप्रिल २०२३ मध्ये अंतिम मंजुरी दिली. खर्च २,६०० कोटी रुपये, काटकोनात दोन भुजा, प्रत्येक चार किलोमीटरची. दोन्ही भुजांतून लेसरचा प्रकाश जाऊन परत येतो. गुरुत्वीय लहर, म्हणजे अवकाश-काळातली थरथर, आली की एक भुजा किंचित ताणते, दुसरी किंचित आखडते. ‘किंचित’ म्हणजे किती? अमेरिकेतल्या अशाच दोन वेधशाळांनी १४ सप्टेंबर २०१५ रोजी पहिली लहर टिपली, तेव्हा हा बदल प्रोटॉनच्या व्यासाच्या चारशेव्या भागाएवढा होता. जमिनीची थरथर, आरशातल्या अणूंचं हलणं, प्रकाशाची स्वतःची चुळबुळ, या सगळ्या गोंगाटात असली हाक ओळखायची कशी?

इथे आपलं यंत्र सापडतं, खरंखुरं. आइनस्टाईनच्या समीकरणांवरून शास्त्रज्ञ आधीच हिशेब करून ठेवतात: इतक्या वस्तुमानाची दोन कृष्णविवरं, स्वतःभोवती अशा वेगाने फिरणारी, एकमेकांत विलीन झाली तर लहरीचा आकार कसा असेल? मग वस्तुमान थोडं बदलायचं, फिरकी थोडी बदलायची, पुन्हा हिशेब. २०१५ च्या त्या शोधासाठी असे सुमारे अडीच लाख नमुने साठवलेले होते. म्हणजे घडू शकल्या असत्या अशा अडीच लाख टकरी. आलेली नोंद त्यांतल्या प्रत्येकाशेजारी ठेवून पाहायची. गंगाधरपंतांची दोन पानंच की! भौतिकशास्त्रज्ञ याला समांतर काळ म्हणणार नाहीत, मी लेखमालेच्या मुभेने म्हणतो.

याच हिंगोली जिल्ह्यातल्या वसमतच्या मोंढ्यात मुरलेला खरेदीदार हळदीची मूठ उचलतो, हळकुंड मोडतो, रंग बघतो, वास घेतो आणि भाव बोलतो. या मुठीविषयी तो जे सांगतो, ते आजवर हाताळलेल्या बाकीच्या सगळ्या मुठींमुळे. नमुन्यांचं कोठार म्हणजे तसंच, फक्त या शास्त्रज्ञांनी बाकीच्या मुठी कधी पाहिलेल्याच नाहीत, गणिताने पिकवलेल्या आहेत. कोठार किती दाट भरायचं, हाही एक प्रश्न असतो. नमुने विरळ ठेवले तर खरी लहर दोघांच्या मधून निसटते, फार दाट ठेवले तर संगणक मेटाकुटीला येतो. हे गणित बसवणाऱ्या सुरुवातीच्या मंडळींत आयुकाचे संजीव धुरंधर होते. बी. एस. सत्यप्रकाश यांच्यासह त्यांनी यावर काम केलं ते १९९१ च्या सुमारास, म्हणजे पहिली लहर टिपली जाण्याच्या जवळजवळ पाव शतक आधी.

पण एक गोष्ट सांगितली नाही तर लबाडी होईल. २०१५ च्या त्या दिवशी पहिली हाळी या कोठाराने दिलीच नाही. कोणताही नमुना न वापरता, दोन्ही वेधशाळांत एकाच सुमारास काही उसळलं का एवढंच पाहणाऱ्या एका प्रोग्रॅमने ती मिनिटांत हेरली. नमुने आले ते नंतर, साक्षीला. मग पुढच्या बारीक विश्लेषणातून कळलं की एक कृष्णविवर सुमारे ३६ सूर्यांएवढं, दुसरं २९ सूर्यांएवढं, आणि टक्कर झाली होती सुमारे १३० कोटी वर्षांपूर्वी. लुझियाना आणि वॉशिंग्टन राज्यांतल्या त्या दोन वेधशाळांत लहर पोचण्यामध्ये जेमतेम सात मिलिसेकंदांचं अंतर होतं. अशा फरकावरूनच ती आकाशातल्या कोणत्या बाजूने आली याचा अंदाज बांधतात, पण दोनच कान असले की तो फार ढोबळ राहतो. पृथ्वीच्या या बाजूला औंढ्याजवळ आणखी एक कान हवा, तो याचसाठी.

औंढ्याच्या लोकांना एका जागेच्या दोन हकिकती शेजारी ठेवायची सवय आहेच. नागनाथाच्या देवळात नंदी समोर नाही, मागे आहे. नामदेवांना कीर्तनासाठी मागच्या बाजूला जायला सांगितलं, तेव्हा देऊळच त्यांच्याकडे वळलं, असं तिथे कोणीही सांगेल. देवळाचं तोंड आज पश्चिमेला आहे. न वळलेलं देऊळ कसं होतं, त्याची खूण म्हणून नंदी जागचा हललेला नाही.

वेधशाळा २०३० पर्यंत उभी करायचं उद्दिष्ट आहे. तिला लागतील तसे नमुने बाकीच्या वेधशाळांच्या नोंदींवर आधीच वापरले गेले आहेत.

(पुढच्या आठवड्यात : नमुना नसलेला आवाज ऐकणारं यंत्र)